सिस्टर, ब्रदर, मावशी, मामा

सरकारी रुग्णालयाच्या कुठल्याही वॉर्डात पाऊल टाकलं की एखाद्या खटल्याच्या घरात शिरल्यासारखं वाटतं. फरशी पुसणारी, बेडपॅन देणारी ती मावशी. स्ट्रेचर ढकलणारा तो मामा. सलाईन लावणारी सिस्टर आणि तिच्या जोडीला अलीकडे दिसू लागलेला ब्रदर. डॉक्टर तेवढा या गोतावळ्यात कुणाचा काका नाही की दादा नाही. तो डॉक्टरच. ज्याच्या विद्येला मानायचं त्याला हुद्द्यानं हाक मारायची आणि ज्याच्या सेवेवर आपला हक्क समजायचा त्याला नात्यात ओढायचं, ही आपली जुनी खोड. नात्यात ओढलेल्या माणसालाही शिक्षण लागतं, हे मग लक्षात राहत नाही. बहीण व्हायला कुठे कोर्स करावा लागतो?

परिचर्या करणाऱ्याचा लिंगभाव, त्याला मिळालेलं प्रशिक्षण आणि त्याच्या हातून होणारं काम या तिन्हींची गाठ कशी पडते, हा या पुस्तकाचा विषय. मी आधी वॉर्डात आणि मग ट्यूटर म्हणून वर्गात अशी सगळी नोकरी या पेशात काढली, म्हणून प्रस्तावना माझ्याकडे आली. तटस्थपणाचा आव आणणार नाही. ज्या चुकांबद्दल पुढे लिहिते आहे त्यांतल्या बऱ्याच मी स्वतः केल्या आहेत.

आधी शब्दांचा घोळ निस्तरू. शरीरानं बाई असणं किंवा पुरुष असणं ही एक गोष्ट. स्वतःला मनातून बाई किंवा पुरुष मानणं, किंवा यांपैकी कुणीच न मानणं ही दुसरी. आणि वागण्या-बोलण्यात लोक ज्याला बायकी किंवा पुरुषी म्हणतात ते तिसरंच. वॉर्डात या तिन्हींची एकच मोळी बांधली जाते आणि ती माणसाच्या गणवेशावर टाचली जाते. आपली सरकारी मराठी त्यात भरच घालते. अधिपरिचारिका, परिसेविका, अधिसेविका: स्टाफ नर्सपासून मेट्रनपर्यंत सगळी शिडी स्त्रीलिंगी. पुरुष भरतीला आला तेव्हा 'अधिपरिचारक' हा शब्द घडवावा लागला, आणि 'परिचर' म्हणजे शिपाईवर्गातला माणूस हे डोक्यात पक्कं असल्यामुळे तो कुणाच्या तोंडी बसला नाही. माझे कितीतरी विद्यार्थी लग्नाच्या बाजारात उभे राहिले तेव्हा घरच्यांनी 'मुलगा मेडिकल लाईनला आहे' एवढंच सांगितलं. नक्की काय करतो, ते साखरपुड्यापर्यंत बाहेर पडू द्यायचं नाही.

हे काम बाईचंच, असं काही पहिल्यापासून नव्हतं. ब्रिटिश सैन्याच्या रुग्णालयांत जखमी शिपायांची उस्तवार पुरुष ऑर्डर्लीच करत. १८५४ साली फ्लॉरेन्स नाइटिंगेल ३८ जणींना घेऊन क्रिमियाच्या युद्धातल्या जखमींसाठी स्कुटारीच्या लष्करी रुग्णालयात गेल्या आणि चित्र पालटलं. १८६०मध्ये लंडनच्या सेंट थॉमस रुग्णालयात त्यांच्या नावानं प्रशिक्षणशाळा निघाली ती फक्त स्त्रियांसाठी. नाइटिंगेल यांचं म्हणणं आपण अर्धंच लक्षात ठेवलं. घरातल्या कुणाचं तरी आजारपण काढायची वेळ जवळपास प्रत्येक बाईवर येते, हे त्यांनी आपल्या पुस्तकात लिहिलं. ते सगळ्यांना पाठ. पण आयुष्यात काही जमलं नाही, प्रेमात निराशा पदरी आली, की ती बाई आपोआप चांगली नर्स होते या समजुतीची त्यांनी त्याच पुस्तकात टर उडवली आहे, ते कुणी सांगत नाही.

तरी त्यांच्याही मनात एक पेच होताच. नर्सची परीक्षा घेऊन तिचं नाव सरकारी वहीत नोंदवावं, असा आग्रह ब्रिटिश परिचारिका एथेल बेडफर्ड फेनविक यांनी धरला तेव्हा नाइटिंगेल विरोधात उभ्या राहिल्या. परीक्षेत पाठांतर कळेल, चारित्र्य कसं कळणार, असा त्यांचा आक्षेप. न्यूझीलंडनं १९०१मध्ये नोंदणीचा कायदा करून टाकला. ब्रिटनमध्ये तो १९१९ला आला, नाइटिंगेल गेल्या त्याला तेव्हा नऊ वर्षं झाली होती. म्हणजे चांगली नर्स स्वभावानं घडते की शिकून, या भांडणात शिक्षणाची बाजू जिंकली. पण जिंकताना तिनं पुरुषांची नावं वेगळ्या वहीत टाकली, आणि ती मुख्य वहीत यायला १९४९ उजाडलं. अमेरिकेच्या लष्करी नर्सिंग दलात पुरुषाला अधिकारी म्हणून घेतलं १९५५मध्ये. मिसिसिपीतल्या महिला विद्यापीठानं जो होगन नावाच्या, आधीच नर्स असलेल्या माणसाला निव्वळ पुरुष म्हणून पदवीच्या वर्गात प्रवेश नाकारला. १९८२ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं तो नकार रद्द केला. निकाल लिहिला सँड्रा डे ओ'कॉनर यांनी, त्या न्यायालयातल्या पहिल्या स्त्री न्यायमूर्तींनी. नर्सिंग म्हणजे बायकांचं काम हा शिक्का अशा प्रवेशबंदीनं आणखी पक्का होतो, असं त्यांचं म्हणणं. होगनच्या बाजूनं लागलेला हा निकाल खरं तर नर्सबायांच्याही बाजूचा होता.

आपल्याकडे ही गोष्ट जरा वेगळ्या वाटेनं गेली, आणि ती वाट पुसून चालणार नाही. २८ मार्च १८८८ला लष्करी रुग्णालयांसाठी दहा इंग्रज नर्स मुंबईच्या बंदरात उतरल्या, तिथून सैन्यातल्या नर्सिंग सेवेची सुरुवात मोजतात. पुण्याच्या सशस्त्र दलांच्या वैद्यकीय महाविद्यालयात बीएस्सी नर्सिंगला प्रवेश मुलींनाच मिळतो, तो याच परंपरेतून. पण गावातल्या, वाड्यातल्या बाईच्या दृष्टीनं मोठी घटना पुण्यातच घडली. रमाबाई रानड्यांनी १९०९मध्ये सेवासदन उभं केलं आणि तिथल्या बायका ससून रुग्णालयात नर्सिंग शिकायला जाऊ लागल्या. त्यांत विधवा पुष्कळ. घराच्या मागच्या खोलीत आयुष्य काढायचं ज्यांच्या नशिबी होतं, त्यांच्या हातात पगार आला. परजातीच्या, परक्या पुरुषाच्या जखमेला हात लावते म्हणून नावं ठेवणारे ठेवत राहिले. नर्सिंग 'बायकांचं' राहिलं म्हणून बायकांना घराबाहेर पडायला जे एक दार मिळालं, त्याची किंमत पुरुषांच्या प्रवेशबंदीबद्दल बोलताना मी विसरू शकत नाही. म्हणूनच २०१९मध्ये एम्स संस्थांच्या नर्सिंग ऑफिसरच्या भरतीत ८० टक्के जागा स्त्रियांना आणि २० टक्के पुरुषांना असं ठरलं आणि वाद पेटला, तेव्हा माझं मन दोन्हीकडे ओढलं गेलं. बायकांच्या वॉर्डात बाई नर्स हवी, हे रुग्णाच्या संकोचाचं कारण मला पटतं. 'बायका हे काम मुळातच चांगलं करतात' हे कारण पुढे केलं की पटत नाही. आणि चर्चेत पहिल्यापेक्षा दुसरंच जास्त ऐकू येत होतं.

मुळातच म्हणजे काय? अमेरिकन मानसशास्त्रज्ञ सँड्रा बेम यांनी १९७४मध्ये एक साधन तयार केलं. एकूण ६० विशेषणं. त्यांतली २० समाज पुरुषी मानतो ती, २० बायकी मानतो ती, २० दोन्हीकडची. प्रत्येक विशेषण आपल्याला किती लागू पडतं, ते माणसानं स्वतःच एक ते सात आकड्यांत सांगायचं. तोवर बायकीपणा आणि पुरुषीपणा ही एकाच पट्टीची दोन टोकं मानत. एकीकडे सरकलात की दुसऱ्यापासून लांब. बेम यांनी दोन पट्ट्या केल्या. एकच माणूस दोन्हींवर वरच्या अंगाला असू शकतो. परिचर्येच्या अभ्यासकांच्या हाती हे साधन लागलं यात नवल नाही. बायकी यादीत कनवाळूपणा आहे, दुसऱ्याची गरज ओळखणं आहे. पुरुषी यादीत झटकन निर्णय घेणं, ठामपणा, नेतृत्व. आता रात्री तीनची वेळ डोळ्यांपुढे आणा. बारा नंबरच्या पेशंटचा श्वास बदलला आहे, ड्युटीवरचा डॉक्टर फोनवर 'बघू सकाळी' म्हणतो आहे. श्वास बदलला हे ओळखायला पहिली यादी लागते. 'सर, तुम्ही आत्ता यायचं आहे' असं म्हणायला दुसरी. अर्धी यादी घेऊन हा पेशंट वाचत नाही.

बेम यांचं नाव मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला आठवले ते मी भरलेले गोपनीय अहवाल. वर्षाअखेरीस हाताखालच्या प्रत्येकाबद्दल चार ओळी लिहायच्या असत. मुलींच्या अहवालात मी लिहायची: मनमिळाऊ, सोशिक, रुग्णांशी प्रेमळ वागणूक. ब्रदर असेल तर: तडफदार, जबाबदारी घेण्याची तयारी, नेतृत्वगुण. एका वर्षी एका मुलीबद्दल 'उद्धट' लिहिलं होतं. आज आठवतं, तिनं औषधाच्या डोसवरून निवासी डॉक्टरला अडवलं होतं आणि तिचं बरोबर होतं. तेच एखाद्या ब्रदरनं केलं असतं तर माझ्या लेखणीतून 'निर्भीड' उतरलं असतं. म्हणजे काम मोजायचा कागदच वाकडा, आणि त्याच्यावरून बढत्या. समाजशास्त्रज्ञ क्रिस्टीन विल्यम्स यांनी १९९२मध्ये अमेरिकेतल्या नर्स, ग्रंथपाल, प्राथमिक शिक्षक अशा 'बायकी' पेशांतल्या पुरुषांचा अभ्यास करून म्हटलं की त्यांच्या पायाखाली काचेचा सरकता जिना असतो; ते उभेच असतात, जिना त्यांना वर नेतो. आपल्या सरकारी नोकरीत ज्येष्ठता यादी आहे, त्यामुळे जिना तितका सरकत नाही. पण त्याला तेल कुठून मिळतं, ते मला माझ्या हस्ताक्षरात सापडलं.

आता प्रशिक्षणाकडे. या पुस्तकातलं मला सर्वांत महत्त्वाचं वाटतं ते इथं आहे. कित्येक वर्षं आपल्याकडे जनरल नर्सिंग करणाऱ्या मुलाला प्रसूतिशास्त्राऐवजी दुसरं काही शिकावं लागे: ऑपरेशन थिएटर, मनोरुग्णसेवा, कुष्ठरोग, क्षयरोग, नेत्रविभाग. जाहिरातींत तसा उल्लेखच असायचा, 'मिडवायफरीच्या बदली' कोर्स केलेला असावा. ते दिवस गेले, अभ्यासक्रमात आता मुलामुलींना एकच विषय. पण लेबर रूमचं दार अभ्यासक्रमानं उघडत नाही. त्या दारात मुलगा उभा राहिला की आतली सिस्टर म्हणते, 'तू बाहेर थांब रे, पेशंट लाजते.' त्याच वेळी त्याच वयाचा इंटर्न डॉक्टर हातमोजे चढवत आत जातो. पेशंट त्याला लाजत नाही, किंवा लाजली तरी कुणी विचारत नाही. पडदा, पांढरी चादर आणि 'मी हात लावू का' हा प्रश्न या तीन गोष्टी लाज सांभाळतात. त्या शिकवता येतात. आम्ही शिकवल्या नाहीत, मुलाला बाहेर थांबवलं. त्याचं केसबुक मग मैत्रिणींच्या केसबुकावरून भरलं गेलं, आणि खाली सही करणारी मीच.

असाच एक विद्यार्थी पुढे ग्रामीण रुग्णालयात लागला. रात्री एक बाई आली, डॉक्टर जवळ नाही, बाळाचं डोकं दिसतंय. अशा वेळी एक हात डोकं सावकाश येऊ देण्यासाठी, दुसरा खालचा भाग फाटू नये म्हणून आधाराला लागतो; डोकं बाहेर आलं की बोटानं मानेभोवती नाळ आहे का ते चाचपायचं; बाळ आल्यावर एका मिनिटाच्या आत आईला ऑक्सिटोसिनचं १० युनिटचं इंजेक्शन; आणि त्याच मिनिटात बाळाला पुसून कोरडं करून ते रडतं की नाही ते पाहायचं, नाही तर बॅग आणि मास्क. हे सगळं त्याला तोंडपाठ होतं. हातांना मात्र काहीच येत नव्हतं. बाळ-बाळंतीण वाचली ती तिथल्या जुन्या आयाबाईमुळे. दुसऱ्या दिवशी सगळ्यांनी निकाल दिला की पुरुषांना हे काम जमत नाही. ते त्यानं मला फोनवर सांगितलं. मी काय बोलणार?

उलट बाजूही आहे. आयसीयूत नवं व्हेंटिलेटर आलं की शिकायला ब्रदरला पाठवायचं, 'मशीनचं त्यालाच कळेल'. अपघात विभागात दारू प्यालेला नातेवाईक हुज्जत घालतोय, बोलवा ब्रदरला. चादरी मोजायच्या, रजिस्टरं भरायची, रडणाऱ्या आईजवळ बसायचं, तिथं सिस्टर. रुग्ण आडदांड असेल तर उचलायला ब्रदर, मग त्याची कंबर जाते तेही आलंच. ज्याला जे येतं असं आपण समजतो तेच त्याला देतो, आणि दिलेलंच त्याला येऊ लागतं. परिचर्येच्या अभ्यासक पॅट्रिशिया बेनर यांनी १९८४मध्ये मांडलेल्या पाच पायऱ्या आम्ही वर्गात शिकवतो. अगदी नवशिकी नर्स वॉर्डातल्या प्रत्यक्ष अनुभवातून एकेक पायरी चढत तज्ज्ञ होते. अनुभवच वाटून दिला तर पायऱ्याही वाटल्या जातात, एवढं मात्र आम्ही शिकवत नाही.

नर्सच्या कौतुकात हमखास येणाऱ्या 'प्रेम' या शब्दाशी माझं जुनं वाकडं आहे. मुंबईच्या केईएम रुग्णालयात नर्स असलेल्या अरुणा शानबाग २७ नोव्हेंबर १९७३ला तिथल्याच सफाई कामगाराच्या हल्ल्यात सापडून कायमच्या अंथरुणाला खिळल्या, त्या १८ मे २०१५ला जाईपर्यंत, जवळजवळ ४२ वर्षं, तिथल्या नर्सेसनी त्यांना सांभाळलं. एवढ्या वर्षांत अंगावर बेडसोर नाही, याचं देशभर कौतुक झालं. सर्वोच्च न्यायालयानंही २०११च्या निकालात या परिचारिकांची वाखाणणी केली. कौतुक करताना लोक मायेबद्दल बोलले. माया होतीच. पण बेडसोर मायेनं टळत नाही. दर दोन तासांनी कूस बदलावी लागते. माकडहाड, टाचा, कमरेची उंचवट्याची हाडं, खांद्याची पाती, डोक्याचा मागचा भाग रोज उजेडात पाहावे लागतात. लाल डाग दिसला तर त्यावर बोट दाबून सोडायचं. पांढरा होऊन पुन्हा लाल झाला तर वेळ आहे, लालच राहिला तर जखम आत सुरू झालेली आहे. चादरीची एक सुरकुतीही चालत नाही. ज्यांनी अरुणाताईंना हसता-बोलताना कधी पाहिलं नव्हतं, ज्यांचा जन्मही १९७३नंतरचा, अशा मुलींनी हे केलं, कारण एका पाळीनं दुसरीला ओव्हर देताना ते नेमकं सांगितलं. याला बहिणीची माया म्हणून सोडून दिलं की यातलं कौशल्य फुकट होतं. समाजशास्त्रज्ञ आर्ली हॉक्सचाइल्ड यांनी १९८३मध्ये 'भावनिक श्रम' हा शब्द विमानातल्या परिचारिकांना पाहून रूढ केला. आमच्याकडे श्रम तोच, फक्त पगाराच्या पावतीत त्याचा रकाना नाही.

आकडे हवे असतील तर परिचर्येच्या अभ्यासक लिंडा एकेन यांचे घ्या. अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या त्यांच्या २००२च्या अभ्यासात एका नर्समागे एक रुग्ण वाढला की शस्त्रक्रिया झालेल्या रुग्णांत महिन्याभरातल्या मृत्यूची शक्यता ७ टक्क्यांनी वाढलेली दिसली. पुढच्या वर्षी त्यांनी दाखवलं की पदवीधर नर्सेसचं प्रमाण १० टक्क्यांनी जास्त असेल तिथं ती शक्यता ५ टक्क्यांनी कमी असते. २०१४मध्ये युरोपातल्या नऊ देशांतही तसंच आढळलं. शिक्षण किती आणि एकीच्या पदरात रुग्ण किती, हे दोनच प्रश्न. चाळीस खाटांमागे रात्री एक सिस्टर आणि दोन विद्यार्थिनी अशा ड्युट्या मी केल्या आहेत. तिथं कोण बाई, कोण पुरुष याचा विचार करायला कुणाला फुरसत नसते.

आणि जी व्यक्ती या दोन रकान्यांत बसत नाही, तिचं काय? १५ एप्रिल २०१४च्या निकालात सर्वोच्च न्यायालयानं तृतीयपंथीयांची ओळख मान्य केली, २०१९मध्ये कायदा झाला. त्याच वर्षी तमिळनाडूत अन्बू रूबी या तृतीयपंथी परिचारिकेची सरकारी आरोग्यसेवेत नेमणूक झाली. आमच्या शाळांपुढचा अडसर मात्र फार साधा असतो. नर्सिंगच्या मुलींना वसतिगृह सक्तीचं, रात्री हजेरी, होम सिस्टरचा पहारा. मुलं बाहेर खोली घेऊन राहतात. मग या विद्यार्थ्याला कुठे ठेवायचं? गणवेश कुठला? कॅथेटर टाकायला कुठल्या वॉर्डात पाठवायचं? सहकाऱ्यांच्या बैठकीत एकदा हा प्रश्न निघाला तेव्हा दीड तास वसतिगृहावर गेला. शिकवायचं काय आणि कसं, यावर पाच मिनिटंही नाहीत. यावर या पुस्तकात जितकं आहे त्याहून जास्त हवं होतं, हे मी संपादकांना सांगितलं आहे, इथंही लिहिते.

मी ट्यूटर असताना एका सकाळी मेडिसिनच्या स्त्री वॉर्डात ओव्हर घ्यायला थांबले होते. अकरा नंबरला अर्धांगाचा झटका आलेली एक आजी, उजवी बाजू गेलेली, बोलणं शाबूत. मी पाठ पाहिली. स्वच्छ, कोरडी, कुठे लालीचा मागमूस नाही. आजी म्हणाली, रात्रीच्या सिस्टरचा हात फार हलका. रात्री तिथं माझा तिसऱ्या वर्षाचा विद्यार्थी होता, सिस्टरच्या देखरेखीखाली. मी म्हटलं, 'आजी, तो मुलगा होता.' ती म्हणाली, 'व्हय की. पण सिस्टरच न्हवं का त्यो?' चार्ट काढून पाहिला. कूस बदलल्याच्या बारा, दोन, चार अशा सह्या होत्या. सहाची नव्हती. त्याला गेटवरून परत बोलावलं आणि सहाचं काय झालं ते विचारलं.